डबा तीन लिटरचा, इंजिन किती लिटरचं?

"साहेब, उन्हाळा तोंडावर आलाय, गाडीही आता सात-आठ वर्षांची झाली. या खेपेला जरा जाड ऑईल टाकूया." सांगलीपासून चंद्रपूरपर्यंत कुठल्याही गॅरेजात हा सल्ला मिळतो, आणि देणारा मिस्त्री बहुतेक वेळा प्रामाणिकच असतो. त्याच्या उस्तादाने त्याला हेच शिकवलेलं असतं. उस्ताद ज्या गाड्यांवर हात काळे करून शिकला, त्यांना हा सल्ला लागूही पडायचा. कुर्ल्याच्या कारखान्यातून निघणारी प्रीमियर पद्मिनी घ्या किंवा अँबॅसेडर घ्या. त्यांच्या इंजिनांत सुट्या भागांमधली फट मोठी असायची, बोअर लवकर झिजायचा, रिंगा गेल्या की मागून निळा धूर निघायचा. २०डब्ल्यू-४० किंवा २०डब्ल्यू-५० असं घट्ट ऑईल घातलं की धूर कमी दिसायचा, टॅपेटची टकटक दबायची आणि पुढचे सहा महिने निघून जायचे.

दुसरा सल्ला डब्याबद्दलचा. "तीन लिटरचा आणलाय ना, मग बोटभर कशाला ठेवायचं? ओता सगळं." हा मिस्त्रीही देतो आणि घरचे लोकही देतात, कारण उरलेलं ऑईल माळ्यावर पडून राहणार हे सगळ्यांना ठाऊक असतं.

आजच्या छोट्या गाडीसाठी हे दोन्ही सल्ले चुकीचे आहेत. कोणतं ऑईल, याचं उत्तर डॅशबोर्डच्या कप्प्यात प्लॅस्टिकच्या पाकिटात पडून असलेल्या पुस्तिकेत आहे. किती, याचं उत्तर त्याच पुस्तिकेत आणि बॉनेटखालच्या डिपस्टिकवर आहे. बाकी सगळी माहिती ही दोन उत्तरं नीट वाचता यावीत म्हणूनच.

पातळ म्हणजे कमजोर नव्हे

डब्यावर ठळक छापलेला ५डब्ल्यू-३० किंवा ०डब्ल्यू-२० हा आकडा ऑईल किती घट्ट आहे ते सांगतो. तो दर्जाचा किंवा टिकाऊपणाचा आकडा नाही. डब्ल्यूच्या आधीचा आकडा थंडीतला. ०डब्ल्यूच्या ऑईलची चाचणी उणे ३५ अंशांना होते, २०डब्ल्यूची उणे १५ ला. तेवढ्या थंडीतही स्टार्टरला इंजिन फिरवता आलं पाहिजे, अशी अट असते. डब्ल्यूच्या नंतरचा आकडा गरम ऑईलचा, म्हणजे १०० अंश सेल्सिअसला ते किती घट्ट राहतं याचा. घट्टपणा सेंटिस्टोक नावाच्या एककात मोजतात. १०० अंशांना २० ग्रेडचं ऑईल ६.९ ते ९.३ च्या दरम्यान असतं, ३० ग्रेडचं ९.३ ते १२.५ च्या आणि ५० ग्रेडचं १६.३ ते २१.९ च्या दरम्यान. म्हणजे गरम झाल्यावरही ५० चं ऑईल २० च्या साधारण दुप्पट घट्ट असतं.

हे मोजमाप १०० अंशांनाच का? इंजिन गरम झालं की आतलं ऑईल साधारण त्याच पट्ट्यात काम करतं. कूलंट नव्वदच्या आसपास राहावं याची काळजी थर्मोस्टॅट आणि रेडिएटरचा पंखा घेतात, आणि ऑईलचं तापमान त्याच्या आगेमागे असतं. बाहेर चंद्रपूरचे ४६ अंश असोत की महाबळेश्वरचे १२, कूलिंग धड चालू असेल तर इंजिनाच्या पोटातल्या ऑईलला त्याचा फरक फार थोडा जाणवतो. म्हणून 'आपल्याकडे ऊन फार, जाड ऑईल हवं' या युक्तिवादात वाटतो तेवढा दम नाही. इंजिन बनवणाऱ्याने भारतातला मे महिना पाहिलेला असतो. पुस्तिका भारतात विकायच्या गाडीची असते आणि त्यातल्या तक्त्यात ४० अंशांपर्यंतच्या आणि त्यावरच्या हवेसाठी कोणता ग्रेड चालेल हे छापलेलं असतं.

खरी अडचण गाडी सुरू होतानाच्या मिनिटभरात असते. रात्रभर उभ्या गाडीतलं ऑईल खाली चेंबरमध्ये उतरलेलं असतं. चावी फिरवल्यावर पंपाने ते उचलून फिल्टरमधून थेट वर कॅमशाफ्टपर्यंत पोचवायचं असतं. ४० अंशांना, म्हणजे मे महिन्यातल्या दुपारी उन्हात उभ्या असलेल्या गाडीच्या तापमानाला, ०डब्ल्यू-२० ऑईल साधारण ४५ सेंटिस्टोक असतं आणि २०डब्ल्यू-५० दीडशेच्या पुढे. तिपटीहून जास्त फरक आपल्या कडक उन्हाळ्यात पडत असेल, तर निफाडला पारा चार-पाच अंशांवर उतरलेला असताना काय होत असेल याची कल्पना करा. थंडीत बाटलीत आळलेलं खोबरेल तेल ज्या नाखुशीने बाहेर येतं, त्याच नाखुशीने हे जाड ऑईल वर चढतं, आणि ते पोचेपर्यंत धातूवर धातू घासतो.

नव्या इंजिनांत आणखी एक गोष्ट बदलली आहे. ऑईल आता केवळ वंगण राहिलेलं नाही, ते यंत्रातला एक हलता भागच झालं आहे. मारुतीच्या के-सिरीज इंजिनातली टायमिंग चेन ताणून धरणारा टेन्शनर ऑईलच्या दाबावर चालतो. व्हॉल्व्ह उघडण्याची वेळ मागेपुढे करणारी व्हीव्हीटी यंत्रणा असेल, तर तीही त्याच दाबावर. हे मार्ग अरुंद असतात आणि कोणत्या घट्टपणाचं ऑईल त्यांतून किती वेगाने जाईल हे गृहीत धरूनच ते आखलेले असतात. तिथे २०डब्ल्यू-५० ओतलं की सकाळी सुरू करताना चेनची खरखर वाढते, मायलेज घटतं आणि मालक म्हणतो, 'ऑईल तर सगळ्यात जाड टाकलंय, मग असं का?'

एक सवलत मात्र मी मोकळेपणाने देईन. आपल्या हवेत ०डब्ल्यू की ५डब्ल्यू यावर वाद घालण्यात अर्थ नाही. पुस्तिकेत दोन्ही दिले असतील आणि दुकानात एकच मिळत असेल, तर तो घ्यावा आणि निवांत राहावं. लक्ष द्यायचं ते दुसऱ्या आकड्याकडे. पुस्तिका २० किंवा ३० म्हणते आहे तिथे स्वतःहून ५० वर उडी मारू नका.

डब्याची मागची बाजू

ग्रेड जुळला म्हणजे काम संपलं असं नाही. डब्याच्या मागच्या बाजूला एपीआय असं लिहून पुढे दोन अक्षरं असतात. ती ऑईलचा दर्जा सांगतात. एपीआय म्हणजे अमेरिकन पेट्रोलियम इन्स्टिट्यूट. पेट्रोल गाड्यांची अक्षरं 'एस' ने सुरू होतात आणि दुसरं अक्षर वर्णमालेत जितकं पुढचं तितका दर्जा नवा. एसएल २००१ सालचा, एसएन २०१० चा, एसपी मे २०२० चा, आणि २०२५ मध्ये एसक्यू आला. पेट्रोल गाडीसाठी नियम सोपा आहे: पुस्तिकेत मागितलेला किंवा त्यानंतरचा दर्जा चालतो, त्याआधीचा चालत नाही. पंधरा वर्षं जुन्या वॅगन-आरच्या पुस्तिकेत एसएल लिहिलं असेल, तर त्याच ग्रेडचं एसपी ऑईल खुशाल घाला. गावातल्या दुकानात वर्षानुवर्षं धूळ खात पडलेल्या स्वस्त डब्यांवर कधी एसएफ, एसजी अशी अक्षरं सापडतात. ते डबे तिथेच राहू द्या.

टर्बो पेट्रोल गाडीच्या मालकांनी एसपीचा आग्रह धरायला हवा. छोट्या टर्बो इंजिनात कमी वेगाला जास्त जोर दिला की कधीकधी ठिणगी पडण्याआधीच मिश्रण पेटतं आणि पिस्टनला हातोडा बसावा तसा दणका बसतो. यात ऑईलमधल्या रसायनांचाही हात असतो हे लक्षात आल्यावर एसपीमध्ये त्यासाठी वेगळी चाचणी ठेवली गेली. टायमिंग चेनच्या झिजेची चाचणीही त्यात आहे, म्हणून बिनटर्बो गाडीलाही त्याचा फायदाच होतो.

डिझेलसाठी अक्षरं 'सी' ने सुरू होतात. बीएस-६ डिझेल गाडीत सायलेन्सरच्या वाटेवर काजळी पकडणारा डीपीएफ नावाचा फिल्टर असतो, आणि नेहमीच्या ऑईलमधली राख त्यात साठून तो तुंबतो. अशा गाडीला कमी राखेचं ऑईल लागतं. पुस्तिकेत त्यासाठी एसीईए सी२ किंवा सी३ असा युरोपीय दर्जा दिलेला दिसेल. तोच डब्यावर शोधायचा. इथे 'जवळपासचं चालेल' हा विचार महागात पडतो, कारण डीपीएफची किंमत ऐकून माणूस खुर्ची शोधतो.

घरात मोटरसायकल आणि कार दोन्ही असतील, तर त्यांचे डबे वेगळे ठेवा. मोटरसायकलचा क्लच इंजिनाच्याच ऑईलमध्ये बुडालेला असतो. कारच्या ऑईलमधले घर्षण कमी करणारे घटक त्या क्लचला घसरवू शकतात. म्हणून मोटरसायकलच्या डब्यावर जासो एमए किंवा एमए२ हा दर्जा लिहिलेला असतो. कारच्या डब्यातलं उरलेलं अर्धा लिटर ऑईल बाईकमध्ये 'संपवून टाकणं' हा काटकसरीचा प्रकार क्लच प्लेटच्या बिलावर संपू शकतो.

राहिला मिनरल की सिंथेटिकचा प्रश्न. दुकानदार यावर सगळ्यात जास्त बोलतो, कारण नफा तिथेच असतो. तुमच्या पुस्तिकेत ०डब्ल्यू-२० लिहिलं असेल तर प्रश्न आपोआप सुटतो. इतक्या रुंद पट्ट्याचं ऑईल साध्या मिनरल बेसमधून बनतच नाही. ५डब्ल्यू-३० मध्ये सेमी-सिंथेटिक आणि फुल सिंथेटिक असे दोन्ही प्रकार मिळतात. 'सिंथेटिक' या शब्दाचा दबदबा मात्र थोडा कमी करून घ्यावा. १९९९ मध्ये अमेरिकेत मोबिल आणि कॅस्ट्रॉल यांच्यात याच शब्दावरून तक्रार झाली, आणि खनिज तेलावरच जोरदार प्रक्रिया करून केलेल्या बेसलाही सिंथेटिक म्हणता येईल, असा निर्णय जाहिरातींवर लक्ष ठेवणाऱ्या तिथल्या संस्थेने दिला. आज बाजारातली बरीच 'फुल सिंथेटिक' ऑईलं याच जातीची आहेत. ती वाईट नाहीत, चांगलीच आहेत. पण वर्षाला सात-आठ हजार किलोमीटर शांतपणे चालणाऱ्या साध्या पेट्रोल गाडीला, योग्य ग्रेडचं आणि योग्य दर्जाचं सेमी-सिंथेटिक वेळेवर बदललं तर पुरेसं आहे. दीडपट-दुप्पट पैसे देऊन महाग ऑईल घालायचं आणि मग 'भारीतलं आहे' म्हणून ते दोन वर्षं चालवायचं, हा व्यवहार उलटा आहे.

गाडी खरंच जुनी झाली असेल तर

दीड लाख किलोमीटर झालेली अल्टो दोन सर्व्हिसिंगच्या मध्ये अर्धा-पाऊण लिटर ऑईल पिते, अशी तक्रार घेऊन पुष्कळ लोक जाड ऑईलकडे वळतात. आधी ऑईल कुठे जातंय ते पाहा. उभ्या गाडीखाली डाग पडतो का? ड्रेन बोल्टचा वॉशर प्रत्येक वेळी नवा टाकला होता का? सकाळी सुरू करताना भसकन निळा धूर येऊन मग थांबतो का? तसं असेल तर व्हॉल्व्हचे सील कडक झालेले असण्याची शक्यता असते, आणि ते काम अख्खं इंजिन खोलण्यापेक्षा बरंच छोटं आहे. इंजिनातली वाफ परत आत ओढणारा पीसीव्ही व्हॉल्व्ह तुंबला तरी ऑईल नको तिथे जातं. तो स्वस्तात बदलून होतो. हे सगळं तपासून झालं आणि रिंगाच झिजल्यात असं निघालं, तर पुस्तिकेच्या तक्त्यातच एक पायरी वर जा: ५डब्ल्यू-३० च्या जागी १०डब्ल्यू-४०, तेही तक्त्यात असेल तरच. दोन-तीन पायऱ्या एकदम चढू नका. जाड ऑईलने झिजलेलं भरून येत नाही, फक्त ओव्हरहॉलची तारीख पुढे ढकलली जाते. गाडी विकायचीच असेल तर तेही पुष्कळ, असं म्हणणारे लोक मला माहीत आहेत. पुढच्या मालकाचं काय, हा प्रश्न मी त्यांच्यावरच सोडतो.

सीएनजीवाल्यांसाठी थोडंसं. सीएनजीवर ऑईल जास्त दिवस स्वच्छ दिसतं, कारण काजळी कमी होते. म्हणून ते जास्त दिवस चालतं असं नाही. उष्णतेने आणि ज्वलनाच्या वायूंनी ते न काळवंडताही जुनं होत जातं. रंगावर न जाता किलोमीटरवर चला.

किती?

आता मापाकडे. पुस्तिकेच्या शेवटी तांत्रिक माहितीच्या पानावर ऑईलचे एकाहून जास्त आकडे असू शकतात: फक्त ऑईल बदललं तर किती, फिल्टरसकट बदललं तर किती, आणि इंजिन पूर्ण कोरडं असेल तर एकूण किती. गोंधळ इथेच होतो. ओव्हरहॉल करून नव्याने जोडलेल्या इंजिनालाच तो शेवटचा, सगळ्यात मोठा आकडा लागू होतो. चेंबरचा बोल्ट काढून ऑईल कितीही वेळ निथळू दिलं तरी थोडं आत नळ्यांत आणि खोबणीत राहतंच. आपल्या कामाचा आकडा मधला: फिल्टरसकट.

मारुतीच्या छोट्या पेट्रोल इंजिनांना फिल्टरसकट साधारण तीन लिटरच्या आतबाहेर लागतं, ह्युंदाईच्या १.२ लिटर कप्पा इंजिनाला साडेतीनच्या आसपास. बाजारातले तीन आणि साडेतीन लिटरचे डबे याच हिशेबाने निघाले आहेत. पण हा 'आसपास' शब्दच धोक्याचा आहे. एकाच नावाच्या गाडीत वर्षागणिक इंजिन बदलतं. वॅगन-आर एक लिटरचीही आहे आणि १.२ लिटरचीही. शेजाऱ्याच्या स्विफ्टला जेवढं लागलं तेवढंच तुमच्या स्विफ्टला लागेल याची खात्री नाही. आरसीवर गाडीचं वर्ष आणि इंजिनाचे सीसी बघून मग पुस्तिकेचं पान उघडा. पुस्तिका हरवली असेल तर बहुतेक कंपन्या ती आपल्या संकेतस्थळावर ठेवतात.

सर्व्हिस सेंटरमध्ये ऑईल बॅरलमधून येतं आणि बिलात लिटरमध्ये लागतं. बिल हातात आलं की ती ओळ वाचा. पुस्तिकेतल्या आकड्यापेक्षा अर्धा लिटर जास्त लागलं असेल, तर दोनच शक्यता: एकतर जास्त ओतलंय, नाहीतर न ओतलेल्याचे पैसे लावलेत. दोन्हींपैकी काय झालंय ते स्टिक सांगते, म्हणून गाडी ताब्यात घेण्याआधी सुपरवायझरसमोरच बॉनेट उघडा. भांडायची गरज नसते. स्टिक बाहेर काढली की बोलणं आपोआप नरम होतं.

घरी किंवा ओळखीच्या गॅरेजात काम करून घेत असाल तर अशी पद्धत ठेवा. गाडी थोडी चालवून ऑईल कोमट करा, म्हणजे खालचा गाळही निघून येतो. उकळतं नको, हात भाजेल. गाडीखाली जाणार असाल तर नुसत्या जॅकवर विसंबू नका. खाली स्टँड किंवा रॅम्प हवाच. ड्रेन बोल्ट काढून ऑईल पूर्ण निथळू द्या, मग नवा वॉशर घालून बोल्ट परत लावा. फिल्टर काढल्यावर जुन्या फिल्टरचं रबर इंजिनाला चिकटून राहिलेलं नाही ना ते बघा. ते राहिलं आणि त्यावर नवा फिल्टर बसला, तर गळती ठरलेली. नव्या फिल्टरच्या रबराला बोटाने ऑईल लावा आणि तो हाताने घट्ट करा. किती फेरे द्यायचे ते फिल्टरवर छापलेलं असतं. पाना लावून आवळणाऱ्याला पुढच्या वेळी तोच फिल्टर काढायला लावायचा.

मग ओतताना पूर्ण आकड्यापेक्षा दोन-तीनशे मिली कमी ओता. डब्याच्या बाजूला पारदर्शक पट्टी आणि खुणा असतात, त्यावरून अंदाज येतो. इंजिन अर्धा-एक मिनिट चालू करा, म्हणजे फिल्टर भरेल. सुरुवातीचे एक-दोन सेकंद ऑईलचा दिवा राहील, मग जाईल. बंद करा, पाच मिनिटं थांबा, फिल्टरपाशी आणि बोल्टपाशी गळत नाही ना ते पाहा आणि मग स्टिक काढा. उरलेलं थोडं थोडं करून भरा. ओतणं सोपं आहे, काढायला परत बोल्ट खोलावा लागतो.

स्टिक बघण्याचेही नियम आहेत आणि ते मोडल्यावर मिळणारा आकडा निरुपयोगी असतो. गाडी सपाट जागी हवी. सोसायटीच्या तळघरात जाणारा उतार किंवा कशेडी घाटातली चहाची टपरी ही त्यासाठीची जागा नव्हे. इंजिन बंद करून निदान पाच मिनिटं झालेली हवीत. स्टिक काढायची, धागे न सुटणाऱ्या फडक्याने पुसायची, पूर्ण आत घालायची, पुन्हा काढायची आणि दोन्ही बाजू बघायच्या; जी बाजू कमी दाखवेल ती खरी धरायची. वरची खूण आणि खालची खूण यांच्यात छोट्या गाडीत साधारण पाऊण ते एक लिटर ऑईल मावतं. म्हणजे पातळी बरोबर मध्ये असेल तर वरच्या खुणेपर्यंत यायला अर्ध्या लिटरच्या आत पुरेल. दोन खुणांच्या मध्ये कुठेही असलं तरी गाडी सुरक्षित आहे. वरच्या खुणेला टेकवलंच पाहिजे असा हट्ट नको. लांबच्या प्रवासाला निघणार असाल तर वरच्या अर्ध्यात असावं, इतकंच.

कमी ऑईलचा धोका सगळ्यांना कळतो. जास्त ऑईलचा कळत नाही, कारण 'जास्त झालं तर काय बिघडतं' ही आपली खाण्यापिण्यातलीही सवय आहे. चेंबरमधली पातळी फार वर गेली की फिरणारी क्रँकशाफ्ट ऑईलला लागते आणि ते घुसळून फेस होतो. पंप मग फेस उचलतो, आणि फेसात हवा असल्यामुळे बेअरिंगला हवा तो दाब मिळत नाही. म्हणजे जास्त ऑईल घालूनही इंजिनाला ऑईल कमी पडतं. शिवाय वाढलेला दाब सीलमधून वाट काढतो, ऑईलचा फवारा पीसीव्हीमधून आत जाऊन जळतो आणि त्याचा मळ कॅटॅलिटिक कन्व्हर्टरवर बसतो. वरच्या खुणेवर दोन-चार मिलिमीटर गेलं तर घाबरू नका. बोटभर वर असेल तर गाडी चालवत गॅरेजला नेण्यापेक्षा तिथेच काढून घ्या. डिपस्टिकच्या नळीतून पातळ पाइप घालून छोट्या पंपाने ते सहज निघतं.

काही न घालताच पातळी वाढत असेल तर ते वेगळंच दुखणं आहे. ऑईल काही व्यायला येत नाही. त्यात पेट्रोल किंवा डिझेल मिसळतंय नाहीतर कूलंट. स्टिक नाकाशी धरली तर इंधनाचा वास कळतो. शहरात रोज दोन-तीन किलोमीटरच्याच फेऱ्या मारणाऱ्या गाडीत, आणि डीपीएफची सफाई दरवेळी अर्धवट राहणाऱ्या डिझेल गाडीत, हे होतं. ऑईलच्या झाकणाखाली दुधाळ पिवळट साय दिसली तर आधी विचार करा: पावसाळ्यात, कमी अंतराच्या वापरात झाकणापुरती अशी साय वाफेमुळेही धरते आणि एका लांब फेरीनंतर जाते. पण स्टिकवरचंच ऑईल चहासारखं दिसत असेल आणि कूलंटची टाकी उतरत असेल, तर हेड गॅस्केटची शंका घ्या आणि गाडी चालवू नका.

मधल्या काळात थोडं भरायची वेळ आली आणि तोच ब्रँड मिळाला नाही, तर अडून बसू नका. ग्रेड आणि एपीआयचा दर्जा तोच असेल तर दोन कंपन्यांची ऑईलं एकमेकांत मिसळता येतात. दर्जा देताना हे तपासलेलं असतं. मुंबई-गोवा रस्त्यावर पातळी खालच्या खुणेखाली गेलेली असताना वेगळ्या ग्रेडचं ऑईल भरणंही न भरण्यापेक्षा चांगलं, फक्त घरी आल्यावर बदलून घ्या.

कधी आणि कुठून

मारुती, ह्युंदाईच्या छोट्या पेट्रोल गाड्यांना साधारणपणे १०,००० किलोमीटर किंवा एक वर्ष, यांतलं जे आधी येईल ते. आजोबांची गाडी वर्षाला दोन हजारच किलोमीटर चालते म्हणून ऑईल पाच वर्षं चालेल, असं नाही. कमी फिरणाऱ्या गाडीत ओलावा आणि इंधन ऑईलमध्ये साठून राहतं. उलट हिंजवडी किंवा घोडबंदरच्या कोंडीत रोज तासभर इंजिन नुसतंच चालू असतं. ते तास किलोमीटरच्या आकड्यात दिसत नाहीत. पुस्तिकेत अशा वापरासाठी वेगळा, छोटा अवधी दिलेला असतो. तो बहुतेकांनी वाचलेला नसतो. ऑईल काळं झालं म्हणून लगेच बदलायची घाई मात्र नको. डिझेलमध्ये ते पहिल्या शंभर किलोमीटरमध्येच काळं होतं, आणि काजळी उचलून धरणं हे त्याचं कामच आहे.

डबा ओळखीच्या दुकानातून, सील आणि बॅच नंबर बघून, बिल घेऊन विकत घ्या. वॉरंटीतल्या गाडीला बाहेर ऑईल घातलंत तर ते बिल लागतं. सुटं ऑईल कितीही स्वस्त असो, नको. नामवंत कंपन्यांचे रिकामे डबे पुन्हा भरून विकण्याचा धंदा चालतो तो आपणच भंगारात दिलेल्या धड डब्यांवर. म्हणून रिकामा डबा देण्याआधी त्याला सुरीने आडवा छेद द्या. जुनं ऑईल कायद्याने धोकादायक कचऱ्यात मोडतं. ते गटारात, शेताच्या बांधावर किंवा वाळवी लागू नये म्हणून लाकडाला लावायला नको. झाकणाच्या कॅनमध्ये भरून जुनं ऑईल गोळा करणाऱ्या सर्व्हिस सेंटरकडे किंवा गॅरेजकडे द्या.

आणि डॅशबोर्डवरचा तो लाल, किटलीच्या चित्राचा दिवा. बहुतेक गाड्यांत तो ऑईलची पातळी दाखवत नाही, दाब गेल्याचं दाखवतो. तो लागेपर्यंत वाट बघून ऑईल भरणं म्हणजे फार उशीर. चालत्या गाडीत तो लागला तर 'पुढच्या पंपापर्यंत जाऊ' असं म्हणू नका. गाडी बाजूला घ्या, इंजिन लगेच बंद करा, पाच मिनिटांनी स्टिक बघा. पातळी कमी असेल तर भरा आणि दिवा जातो का ते पाहा. पातळी ठीक असूनही दिवा लागलेला असेल, तर इंजिन पुन्हा चालू करू नका. टोचन लावून गॅरेजला न्या.